योहानेस पेटर म्युलर

योहानेस पेटर म्युलर (जन्म : कोब्लेंट्स, १४ जुलै १८०१, मृत्यू : बर्लिन, २८ एप्रिल १८५८) हे जर्मन शरीरक्रियाशास्त्रज्ञ, तुलनात्मक शारीराचे अभ्यासक आणि मत्स्यवैज्ञानिक होते. मज्जातंतू आणि संवेदना यांविषयीच्या त्यांच्या संशोधनामुळे आधुनिक शरीरक्रियाविज्ञानाच्या प्रवर्तकांत त्यांची गणना होते. मुशी (शार्क) आणि पाकट या उपास्थियुक्त सागरी माशांचे पहिले भक्कम वर्गीकरण त्यांनी याकोब हेन्ले यांच्यासह केले. काही मुशींची पिल्ले सस्तन प्राण्यांप्रमाणे आईच्या गर्भाशयात नाळेने जोडलेली असतात, हे ॲरिस्टॉटलने नोंदविलेले निरीक्षण बावीस शतकांनंतर निर्विवादपणे सिद्ध करण्याचे श्रेयही त्यांच्याकडे जाते. मुंबईच्या किनाऱ्यावर विपुल सापडणाऱ्या सोनमुशीचे 'स्कोलिओडॉन लॅटिकॉडस' हे शास्त्रीय नाव म्युलर आणि हेन्ले यांनीच १८३८ मध्ये दिले.

बालपण आणि शिक्षण

ऱ्हाइन आणि मोझेल या नद्यांच्या संगमावर वसलेले कोब्लेंट्स हे शहर म्युलर यांच्या जन्माच्या वेळी फ्रेंच अमलाखाली होते. १८१५ नंतर ते प्रशियाकडे गेले. त्यांचे वडील जोडे शिवण्याचा व्यवसाय करीत. पाच भावंडांत योहानेस सर्वांत थोरले. घरची स्थिती बेताची असूनही त्यांचे शालेय शिक्षण उत्तम झाले. प्रशियाच्या शिक्षणखात्यातील अधिकारी योहानेस शुल्त्से यांच्या नजरेत या मुलाची बुद्धिमत्ता भरली आणि पुढील आयुष्यातही त्यांचा पाठिंबा म्युलर यांना मिळत राहिला.

शाळेत त्यांना अभिजात भाषांची विशेष गोडी लागली. ॲरिस्टॉटलच्या ग्रंथांतील उतारे ते मूळ ग्रीकमधून स्वतः भाषांतरित करीत. कॅथलिक धर्मोपदेशक व्हावे असा त्यांचा आरंभीचा विचार होता, परंतु अठराव्या वर्षी निसर्गविज्ञानाच्या ओढीने त्यावर मात केली आणि १८१९ मध्ये त्यांनी नुकत्याच स्थापन झालेल्या बॉन विद्यापीठात वैद्यकाच्या अभ्यासाला सुरुवात केली. शाळकरी वयातला हा ग्रीकचा व्यासंग वीस वर्षांनी मुशींच्या अभ्यासात अनपेक्षितपणे कामी आला.

बॉन येथे वैद्यक विद्याशाखेने निबंधस्पर्धेसाठी प्रश्न ठेवला होता : गर्भ आईच्या पोटात श्वसन करतो काय? विद्यार्थी म्युलर यांनी त्यासाठी गाभण जनावरांवर प्रयोग केले आणि पारितोषिक मिळविले. हा निबंध १८२३ मध्ये प्रसिद्ध झाला. दरम्यान १८२२ मध्ये प्राण्यांच्या हालचालींच्या नियमांवरील प्रबंधाबद्दल त्यांना वैद्यकातील डॉक्टरेट मिळाली होती. त्या काळच्या जर्मन विद्यापीठांवर निसर्गाचे रहस्य निव्वळ चिंतनाने उलगडू पाहणाऱ्या तत्त्वज्ञानाचा मोठा पगडा होता आणि तरुण म्युलरही त्यातून सुटले नव्हते. पुढील शिक्षणासाठी ते बर्लिनला गेले, तेव्हा तेथील शारीराचे प्राध्यापक कार्ल आस्मुंड रुडोल्फी यांनी त्यांना या वाटेवरून परतविले. विच्छेदन करावे, सूक्ष्मदर्शकातून पाहावे आणि जे दिसेल तेवढेच लिहावे, ही शिस्त त्यांच्या अंगी बाणली ती रुडोल्फी यांच्या सहवासात.

बॉन येथील अध्यापन

१८२४ मध्ये म्युलर बॉन येथे अध्यापन करू लागले. १८२६ मध्ये त्यांचे दृष्टिसंवेदनेवरील दोन ग्रंथ प्रसिद्ध झाले. डोळ्याच्या मज्जातंतूला प्रकाशाने, दाबाने किंवा विजेने कशानेही उत्तेजित केले, तरी मनाला जाणवतो तो प्रकाशच. कानाच्या मज्जातंतूला तसेच केले तर ऐकू येतो तो ध्वनी. म्हणजे संवेदनेचे स्वरूप बाहेरच्या वस्तूपेक्षा मज्जातंतूवर अवलंबून असते. हा विचार 'मज्जातंतूंच्या विशिष्ट ऊर्जेचा नियम' या नावाने ओळखला जातो. या अभ्यासासाठी त्यांनी स्वतःच्या डोळ्यांवर दीर्घकाळ प्रयोग केले होते.

१८२७ मध्ये त्यांचा विवाह मारिया आना झायलर यांच्याशी झाला. त्या गायन-संगीतात निपुण होत्या. त्याच वर्षी अतिश्रमाने म्युलर यांची प्रकृती खालावली. आपला आजार असाध्य आहे या समजुतीने त्यांना घेरले आणि काही महिने ते कामापासून दूर राहिले. अशी खिन्नतेची आवर्तने पुढेही आली. त्यांच्या प्रचंड लेखनाकडे पाहताना हे लक्षात ठेवावे लागते, कारण हे काम सलग उत्साहात झालेले नाही. दोन आजारपणांच्या मधल्या काळात ते झपाट्याने उरकलेले आहे.

१८३० मध्ये त्यांनी जननेंद्रियांच्या घडणीवरील ग्रंथ प्रसिद्ध केला. भ्रूणाच्या शरीरात सुरुवातीला असणाऱ्या ज्या नलिकेपासून मादीमध्ये अंडवाहिनी आणि गर्भाशय तयार होतात, तिचे वर्णन या ग्रंथात आहे. वैद्यकाच्या विद्यार्थ्यांना आजही ती 'म्युलरी नलिका' या नावाने शिकविली जाते. मुशीच्या मादीतील अंडवाहिनी आणि गर्भाशय हेही याच नलिकेपासून घडतात. पोटातला गर्भ आणि त्याला धारण करणारे आईचे शरीर हा म्युलर यांच्या अभ्यासाचा विषय असा विद्यार्थिदशेपासून त्यांच्याबरोबर चालत आला होता.

बर्लिन

१८३२ मध्ये रुडोल्फी यांचे निधन झाले. रिक्त जागेसाठी म्युलर यांनी शिक्षणमंत्र्यांना स्वतः पत्र लिहून या पदासाठी कसा माणूस हवा ते सविस्तर मांडले आणि आपले नाव पुढे केले. हा धीटपणा फळाला आला आणि १८३३ मध्ये ते बर्लिन विद्यापीठात शारीर व शरीरक्रियाविज्ञान या विषयांचे प्राध्यापक आणि तेथील शारीर संग्रहालयाचे संचालक झाले. मृत्यूपर्यंत ते या पदावर होते.

१८३३ ते १८४० या काळात त्यांचा शरीरक्रियाविज्ञानाचा हस्तग्रंथ भागाभागांनी निघाला. विल्यम बेली यांनी केलेल्या इंग्रजी भाषांतरामुळे तो जर्मनीबाहेरही पोहोचला. १८३४ पासून त्यांनी संपादित केलेले नियतकालिक 'म्युलर यांचे आर्काइव्ह' या नावाने ओळखले जाई. थिओडोर श्वान, रुडोल्फ फिरखो, हेर्मान फोन हेल्महोल्ट्स, एमिल द्यु ब्वा-रेमाँ, एर्न्स्ट ब्र्यूके, रोबर्ट रेमाक आणि एर्न्स्ट हेकेल हे सर्व त्यांचे विद्यार्थी किंवा साहाय्यक होते. यांपैकी अनेकांनी सजीवांत काही खास जीवनशक्ती असते ही गुरूची कल्पना पुढे साफ नाकारली. एका शिक्षकाच्या हाताखालून पेशी सिद्धांत मांडणारा श्वान, पेशीय विकृतिविज्ञान उभे करणारा फिरखो आणि ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम मांडणारा हेल्महोल्ट्स असे तिघे बाहेर पडावेत, याला विज्ञानाच्या इतिहासात फारशी जोड नाही.

मुशी आणि पाकट यांचे वर्गीकरण

म्युलर यांचे बॉनपासूनचे शिष्य याकोब हेन्ले त्यांच्या पाठोपाठ बर्लिनला आले आणि विच्छेदक म्हणून काम करू लागले. मूत्रपिंडातील 'हेन्ले यांचा पाश' ज्यांच्या नावाने ओळखला जातो तेच हे हेन्ले. विद्यार्थी संघटनेच्या जुन्या सदस्यत्वामुळे १८३५ मध्ये त्यांना राजद्रोहाच्या संशयावरून अटक झाली आणि तुरुंगवास घडला. निसर्गशास्त्रज्ञ अलेक्झांडर फोन हुंबोल्ट यांच्या रदबदलीने त्यांची सुटका झाली. मुशींवरील संयुक्त काम याच धामधुमीच्या वर्षांत झाले.

त्या वेळी या माशांच्या नावांचा मोठा गोंधळ होता. प्रवाशांच्या वर्णनांवरून, वाळलेल्या कातड्यांवरून, नुसत्या जबड्यांवरून जाती ठरविल्या गेल्या होत्या. एकाच माशाला चार नावे आणि चार वेगळ्या माशांना एकच नाव असा प्रकार नेहमीचा होता. म्युलर आणि हेन्ले यांनी युरोपातील संग्रहालयांतले नमुने प्रत्यक्ष तपासण्याचा मार्ग धरला. बर्लिनचा संग्रह हाताशी होताच. त्याखेरीज लायडन, पॅरिस आणि लंडन येथील संग्रहही त्यांनी धुंडाळले. दातांची रचना, डोळ्यांवरील निमेषक पटल, डोळ्यामागील श्वासरंध्र, परांची संख्या आणि जागा, आतड्यातील झडपेचा आकार ही लक्षणे त्यांनी एकमेकांशी ताडून पाहिली. वंशांचा आराखडा त्यांनी १८३७ मध्ये प्रसिद्ध केला. १८३८ ते १८४१ या काळात निघालेल्या मुख्य ग्रंथात दोनशेहून अधिक जातींची वर्णने आणि साठ चित्रफलक आहेत.

या ग्रंथातील अनेक नावे आजही वापरात आहेत. वाघमुशीचा 'गॅलिओसेर्डो', सोनमुशीचा 'स्कोलिओडॉन', पट्टेदार लहान मुशींचा 'चिलोसिलियम' आणि चपट्या डोक्याच्या माशांचा 'ऱ्हिंकोबॅटस' हे वंश त्यांनीच स्थापन केले. 'स्कोलिओडॉन' म्हणजे तिरक्या दातांचा आणि 'लॅटिकॉडस' म्हणजे रुंद शेपटीचा. या जातीचे वर्णन भारतातून बर्लिनला पोहोचलेल्या नमुन्यावरून केलेले आहे.

ॲरिस्टॉटलची गुळगुळीत मुशी

ॲरिस्टॉटलने प्राण्यांच्या इतिहासावरील ग्रंथात एका 'गुळगुळीत' मुशीचे वर्णन केले आहे. तिची अंडी गर्भाशयात उतरतात, पिल्लू आधी अंड्यातील अन्नावर वाढते आणि ते संपत आल्यावर गर्भाशयाशी नाळेने जोडले जाते. चतुष्पाद प्राण्यांच्या गर्भासारखीच त्याची स्थिती असते, असा त्याचा आशय आहे. भूमध्य समुद्रावरील कोळ्यांच्या जाळ्यांतून आलेले मासे स्वतः कापून पाहिल्याखेरीज असे वर्णन लिहिणे शक्य नव्हते. तरीही पुढील शतकांतील बहुतेक विद्वानांना ते खरे वाटेना. मासा अंडी घालतो, वार आणि नाळ ही सस्तन प्राण्यांची मिरास, अशी पक्की समजूत होती. सतराव्या शतकात निकोलस स्टेनो यांनी अशी जोडणी पाहिल्याचे लिहिले, परंतु त्यांचे लेखन मागे पडले. नंतरच्या अनेकांनी गुळगुळीत मुशी कापून पाहिली आणि त्यांना पोटात पिल्ले आढळली, पण नाळ गर्भाशयाला चिकटलेली दिसली नाही. ॲरिस्टॉटलची चूक झाली, असा निष्कर्ष त्यांनी काढला.

म्युलर यांना मूळ ग्रीक वाचता येत होते आणि वर्णनातील तपशील इतका नेमका होता की तो कल्पनेने लिहिलेला असेल हे त्यांना पटेना. त्यांनी नमुने मिळवून तपासण्यास सुरुवात केली. कोडे उलगडले ते वर्गीकरणाने. भूमध्य समुद्रात गुळगुळीत मुशीच्या एकमेकींशी विलक्षण साम्य असलेल्या दोन जाती राहतात. आजच्या नावांनुसार त्यांपैकी एक 'मस्टेलस मस्टेलस' आणि दुसरी, अंगावर पांढरे ठिपके असलेली, 'मस्टेलस ॲस्टेरियस'. दोघीही पिल्लांना जन्म देतात. पहिलीच्या गर्भाशयात पिल्लू वारेने जोडलेले असते. दुसरीत ते मोकळे असते आणि वार नसते. शंका घेणाऱ्यांनी दुसरी जात कापली होती आणि ॲरिस्टॉटलने पहिली. दोन्ही पक्षांनी पाहिले ते खरेच होते.

ही वार नेमकी कशी असते, हेही म्युलर यांनी बारकाईने दाखविले. सस्तन प्राण्यांची वार मुख्यतः गर्भाच्या बाह्य आवरणांपासून बनते. मुशीत ती पीतक कोशापासून, म्हणजे अंड्यातील पिवळा बलक ज्या पिशवीत असतो तिच्यापासून तयार होते. बलक संपत आला की ही रिकामी पिशवी घड्या घालून गर्भाशयाच्या भिंतीतील घड्यांत गुंतते आणि पिशवीचा लांब देठ नाळेचे काम करतो. आई आणि पिल्लू यांचे रक्त एकमेकांत मिसळत नाही. दोन्हींमध्ये अंड्याचे अतिशय पातळ आवरण राहते. साधन वेगळे, पण काम तेच. 'कार्कारियास' या नावाखाली तेव्हा मोडणाऱ्या इतर मुशींतही त्यांना वार आढळली. हा शोधनिबंध बर्लिनच्या विज्ञान अकादमीपुढे मांडला गेला आणि १८४२ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात मुशी व पाकट यांच्या प्रजननाचे तीन प्रकार वेगळे केलेले आहेत : कठीण कवचाची अंडी बाहेर घालणारे, अंडी पोटातच उबवून पिल्ले देणारे परंतु वार नसलेले, आणि वार असलेले.

या शोधाचे महत्त्व एका जुन्या ग्रंथकाराची बाजू खरी ठरण्यापुरते नव्हते. जनन-पद्धती हे इतके मूलभूत लक्षण वाटते की त्यावरून प्राण्यांचे मोठे गट पाडावेत असा मोह कोणालाही व्हावा. म्युलर यांच्या निरीक्षणाने हा मोह अडचणीत आला. दात, पर, कवटी या सर्व बाबतींत सख्ख्या बहिणी शोभाव्यात अशा दोन जाती एका वंशात ठेवाव्या लागतात आणि तरी एकीला वार असते, दुसरीला नसते. उलट वार आहे म्हणून मुशीला सस्तन प्राण्यांजवळ नेऊन बसविता येत नाही. एकाच लक्षणावर वर्गीकरण उभे करू नये, ही त्यांची भूमिका येथे पक्की झाली.

माशांची नैसर्गिक व्यवस्था

त्या काळी माशांच्या वर्गीकरणात लुई अगासी यांचा शब्द प्रमाण मानला जाई. जीवाश्म माशांचे अभ्यासक असल्याने त्यांनी खवल्यांच्या आकारावरून माशांचे चार गण केले होते. खडकांत खवलेच टिकून राहतात, म्हणून जीवाश्मांसाठी ते सोयीचे होते. म्युलर यांनी ताज्या माशांची हृदये कापून पाहिली. हृदयातून निघणाऱ्या धमनीच्या मुळाशी स्नायुमय भाग आणि झडपांच्या अनेक रांगा आहेत की केवळ दोन झडपा, हा भेद त्यांना खवल्यांपेक्षा खोलवरचा वाटला. १८४४ मध्ये अकादमीपुढे वाचलेल्या निबंधात त्यांनी माशांचे सहा उपवर्ग केले : फुप्फुसमीन, खरे अस्थिमीन, गॅनॉइड, मुशी-पाकट-कायमेरा यांचा उपास्थिमीन गट, लॅम्प्रे व हॅगफिश यांचा गोल तोंडाचा गट आणि अँफिऑक्सस. अस्थिमीनांसाठी त्यांनी योजिलेले 'टेलिऑस्टाय' हे नाव आजच्या प्रत्येक पाठ्यपुस्तकात आहे.

या व्यवस्थेचा कस लवकरच लागला. १८५३ मध्ये अगासी यांनी कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरील, पिल्लांना जन्म देणाऱ्या अस्थिमीनांचे नवे कुल जाहीर केले. एम्बिओटोसिडी हे त्याचे नाव. अस्थिमीनांत जरायुजता तुरळकच आढळते, म्हणून या माशांनी मोठे कुतूहल निर्माण केले. परंतु ते पिल्ले देतात म्हणून त्यांना मुशींच्या शेजारी नेण्याचा प्रश्नच आला नाही. घशातील खालची हाडे एकमेकांना सांधलेली असल्याने म्युलर यांनी कल्पिलेल्या गटात त्यांना जागा मिळाली. बर्लिनमध्ये म्युलर यांच्या हाताखाली शिकलेले आल्बेर्ट ग्युंथर यांनी ब्रिटिश म्युझियमच्या मत्स्यसूचीत तीच जागा कायम ठेवली. घशातील हाडांचा हा सांधा वेगवेगळ्या कुळांत स्वतंत्रपणे निर्माण झाला, असे पुढे जनुकीय अभ्यासातून दिसून आले आणि तो गट मोडीत निघाला. एका लक्षणावर विसंबू नये हा धडा देणाऱ्या म्युलर यांच्याच पदरी हा दोष यावा, हे थोडे गमतीचे आहे. गॅनॉइड हा त्यांचा उपवर्गही त्यांनी आखला तसा टिकला नाही. अस्थिमीन आणि उपास्थिमीन यांतील मुख्य भेद मात्र टिकला.

समुद्रावरील वर्षे आणि मृत्यू

१८४५ पासून म्युलर यांचे लक्ष समुद्राच्या पृष्ठभागावर तरंगणाऱ्या सूक्ष्म प्राण्यांकडे वळले. बारीक जाळे नावेमागे ओढून जे सापडेल ते सूक्ष्मदर्शकाखाली पाहायचे, अशी त्यांची रीत होती. उत्तर समुद्रातील हेल्गोलांट बेटापासून भूमध्य समुद्रातील मेसिनापर्यंत अनेक ठिकाणी त्यांनी सुट्ट्यांचा काळ घालविला. तारामासे आणि समुद्री अर्चिन यांच्या डिंभांची रूपांतरे त्यांनी उलगडली. १८५४ मध्ये हेल्गोलांटला त्यांच्याबरोबर गेलेल्या तरुण हेकेलने आयुष्यभर समुद्राचा ध्यास घेतला. त्याच वर्षी लंडनच्या रॉयल सोसायटीने म्युलर यांना कॉप्ले पदक दिले.

१८४८ च्या क्रांतीच्या वेळी ते बर्लिन विद्यापीठाचे कुलगुरू होते. एकीकडे सरकार आणि दुसरीकडे शस्त्रे हाती घेतलेले विद्यार्थी, अशा ओढाताणीत विद्यापीठाच्या संग्रहांची काळजी वाहणाऱ्या या परंपरानिष्ठ माणसाची झोप उडाली. पद सुटल्यावर त्यांना दीर्घ विश्रांती घ्यावी लागली. सप्टेंबर १८५५ मध्ये नॉर्वेहून परतताना त्यांची आगबोट दुसऱ्या बोटीवर आदळून बुडाली. म्युलर पाण्यात तरंगत राहून वाचले, पण त्यांच्याबरोबर असलेला विद्यार्थी बुडून मरण पावला. हा आघात त्यांना विसरता आला नाही आणि त्यानंतर ते पुन्हा आगबोटीने समुद्रावर गेले नाहीत.

अखेरच्या वर्षांत निद्रानाश वाढला होता. २८ एप्रिल १८५८ रोजी सकाळी ते अंथरुणात मृतावस्थेत आढळले. शवविच्छेदन करू नये अशी त्यांची इच्छा होती आणि ती पाळण्यात आली. त्यामुळे मृत्यूचे कारण निश्चित झाले नाही. त्यांनी आत्महत्या केली असावी असे हेकेलसह काहींचे मत होते, परंतु त्याला पुरावा नाही. त्यांच्या एका अध्यासनाचा सर्व भार पुढे कोणा एकाला पेलणे शक्य नव्हते. शारीराचे अध्यासन कार्ल रायखर्ट यांच्याकडे आणि शरीरक्रियाविज्ञानाचे द्यु ब्वा-रेमाँ यांच्याकडे गेले. विकृतिविज्ञान १८५६ मध्येच फिरखो यांच्याकडे आले होते. १८९९ मध्ये कोब्लेंट्स येथे त्यांचा पुतळा उभारण्यात आला.

मुंबईचा किनारा आणि सोनमुशी

म्युलर भारतात कधी आले नाहीत. तरी मुंबईच्या मासळी बंदरांवर उतरणाऱ्या मुशींपैकी अनेकींची शास्त्रीय नावे त्यांच्या ग्रंथातील आहेत. घोडपदेवपासून जवळच असलेला भाऊचा धक्का आणि कुलाब्याचा ससून डॉक येथे ट्रॉलरांतून येणाऱ्या मुशींमध्ये पाऊण मीटरहून आखूड, करड्या रंगाची, चपट्या फावड्यासारख्या मुस्कटाची सोनमुशी मोठ्या प्रमाणात असते. कोकणात बाळंतिणीला अंगावरचे दूध यावे म्हणून लहान मुशीचे कालवण देण्याचा प्रघात आहे.

म्युलर यांनी वर्णिलेल्या वारेचे टोकाचे उदाहरण हीच सोनमुशी आहे. भूमध्य समुद्रातील गुळगुळीत मुशीच्या अंड्यात भरपूर बलक असतो आणि वार उशिरा तयार होते. सोनमुशीचे अंडे जेमतेम १ मिलिमीटर व्यासाचे असून त्यात बलक जवळजवळ नसतोच. त्यामुळे गर्भ काही मिलिमीटर लांबीचा असतानाच त्याला आईशी जोडून घ्यावे लागते आणि जन्मापर्यंतचे सर्व पोषण वारेतून होते. जन्माच्या वेळी पिल्लू १२ ते १५ सेंटिमीटर लांब असते. म्युलर आणि हेन्ले यांनीच नाव दिलेली 'चिलोसिलियम ग्रिसियम' ही मुशीही भारतीय किनाऱ्यावर आढळते; ती मात्र कवचाची अंडी घालते.

भारतात हा अभ्यास म्युलर यांच्या मागे अर्ध्या शतकाने सुरू झाला. फ्रान्सिस डे यांच्या १८७५ ते १८७८ मधील भारतीय माशांवरील ग्रंथाने जातींची यादी तयार केली होती. १८९० च्या सुमारास कोलकात्याच्या इंडियन म्युझियममधील जेम्स वुड-मेसन आणि आल्फ्रेड अल्कॉक यांनी पाकटांच्या गर्भाशयातील पोषक स्राव स्रवणाऱ्या तंतूंचे वर्णन केले. मुंबईत एस. बी. सेटना आणि पी. एन. सारंगधर यांनी १९४० च्या दशकात येथील मुशी-पाकटांच्या जाती, सवयी आणि प्रजनन यांवर निबंधमालाच लिहिली. १९४८ मधील त्यांचा निबंध सोनमुशीच्या गर्भविकासाला वाहिलेला आहे. त्यात तिचे नाव 'स्कोलिओडॉन सोराकोवा' असे आहे. हे नाव १८०३ मध्ये पॅट्रिक रसेल यांनी विशाखापट्टणम येथे टिपलेल्या तेलुगू नावावरून आलेले आहे.

याच 'सोराकोवा' नावाने ही मुशी भारतीय विद्यार्थ्यांच्या पिढ्यांना परिचित आहे. इ. एम. थिल्लयमपालम यांची स्कोलिओडॉनवरील पुस्तिका १९२८ मध्ये निघाली आणि तेव्हापासून प्राणिशास्त्राच्या पदवी अभ्यासक्रमात मुंबईसह देशभर हाच मासा विच्छेदनासाठी वापरला गेला. अलीकडे विच्छेदनावर निर्बंध येईपर्यंत ही प्रथा चालू होती. प्रयोगशाळेतल्या ताटलीत पुढ्यात आलेला मासा दरवेळी खरा स्कोलिओडॉन असेच असे नाही. १९६४ मध्ये व्हिक्टर स्प्रिंगर यांनी या वंशाची छाननी करून त्यात केवळ 'लॅटिकॉडस' ही जात ठेवली आणि इतर जाती अन्य वंशांत हलविल्या. २०१० मध्ये पॅसिफिककडील एक जात पुन्हा वेगळी मानण्यात आली.

म्युलर आणि हेन्ले यांच्या ग्रंथात प्रथम वर्णिलेल्या भारतीय मुशींपैकी सर्वांचे नशीब सोनमुशीसारखे नाही. गंगा मुशी ('ग्लायफिस गँजेटिकस') आणि पुदुच्चेरी मुशी ('कार्कार्हिनस हेमिओडॉन') या दोन्ही अत्यंत दुर्मीळ झाल्या असून २००१ पासून वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत. सोनमुशी लवकर वयात येते आणि एका खेपेस डझनभर पिल्लेही देते, म्हणून मासेमारीचा भार तिने आजवर सोसला. मोठ्या जरायुज मुशींना वयात येण्यास अनेक वर्षे लागतात आणि पिल्ले मोजकीच होतात. मादी जाळ्यात आली की तिच्या पोटातली पिल्लेही तिच्याबरोबर धक्क्यावर येतात.